सिम्स ४ च्या जुन्या सेव्ह काढायच्या कशा आणि पुसलेली परत आणायची कशी

तुमचा प्रश्न मला समजला तो असा. मुलगी शिकायला बाहेरगावी गेली, तिचा लॅपटॉप घरीच राहिला आणि आता तो धाकट्या मुलाला हवा आहे. २५६ जीबीची डिस्क गच्च भरली आहे. त्यात सिम्स ४ हा घरं-कुटुंबं वसवण्याचा गेम आहे आणि लोड गेमच्या यादीत तेवीस सेव्ह, म्हणजे साठवून ठेवलेले खेळ, दिसतात. त्यातल्या एकीत मुलीने पाच पिढ्या खेळलेलं घराणं आहे. ते ठेवून बाकीचं साफ करायचंय. शिवाय चार दिवसांपूर्वी मुलाच्या हातून यादीतली एक सेव्ह पुसली गेली, ती परत मिळेल का, हेही तुम्ही विचारलंय.

हा दुसरा प्रश्न आधी घेते, कारण त्यात उशीर करून चालणार नाही. जोवर शोध संपत नाही तोवर मुलाला त्या लॅपटॉपवर गेम उघडू देऊ नका. नवीन काही डाउनलोडही करू नका.

आता सेव्हचं फोल्डर उघडा. विंडोजमध्ये डॉक्युमेंट्स, त्यात इलेक्ट्रॉनिक आर्ट्स, त्यात द सिम्स ४, त्यात सेव्ह्ज. मॅकवरही वाट हीच आहे. विंडोजमध्ये वर व्ह्यू मेनूत फाइल नेम एक्स्टेन्शन्सवर खूण करा, नाहीतर नावांचं शेपूट दिसणार नाही आणि सगळा खेळ त्या शेपटाचाच आहे. तिथे रोमन अक्षरांत स्लॉट_०००००००१.सेव्ह, स्लॉट_०००००००२.सेव्ह अशा फायली दिसतील आणि प्रत्येकीच्या मागे तेच नाव लावून .व्हर०, .व्हर१ असं .व्हर४ पर्यंत. म्हणजे एका सेव्हच्या जास्तीत जास्त सहा फायली होतात, एक चालू आणि पाच जुन्या. खेळणारा सेव्हचं बटण दाबतो तेव्हा आधीची चालू फाइल .व्हर० होते, .व्हर० ची .व्हर१ होते, असं सगळं एकेक पायरी मागे सरकतं आणि पाचवी जुनी प्रत कायमची जाते. स्लॉटचा आकडा वाढत वाढत नवावर पोचला की पुढे दहा येत नाही, ए हे अक्षर येतं, मग बी, सी. तेवीस सेव्ह आहेत म्हटल्यावर तुम्हाला ही अक्षरं दिसणारच, दचकू नका. शून्य क्रमांकाची फाइल, म्हणजे आठही शून्यं असलेली, ही गेमची स्वतःची तात्पुरती वही आहे. तिला हात लावायचं कारण नाही.

आता एखादा क्रमांक असा सापडतोय का पाहा, ज्याची मुख्य .सेव्ह फाइल नाही पण .व्हर फायली शिल्लक आहेत. सापडला तर निम्मं काम झालं. त्यातली .व्हर० कॉपी करून डेस्कटॉपवर आणा, नावातून शेवटचं .व्हर० काढून टाका म्हणजे नाव .सेव्ह वर संपेल, आणि ती प्रत परत सेव्ह्ज फोल्डरमध्ये ठेवा. गेम उघडून लोड गेममध्ये बघा. ती फाइल उघडली नाही तर .व्हर१ घेऊन हेच करा. मूळ .व्हर फाइलचं नाव बदलू नका, नेहमी प्रतीवर काम करा.

तसं काही शिल्लक नसेल तर दोन जागा उरतात. पहिली वनड्राइव्ह, म्हणजे मायक्रोसॉफ्टची ऑनलाइन साठवण. आजकाल नव्या लॅपटॉपवर डॉक्युमेंट्स फोल्डर परस्पर वनड्राइव्हमध्ये गेलेलं असतं, घरच्यांना पत्ताही नसतो. तसं असेल तर ब्राउझरमधून मुलीच्या मायक्रोसॉफ्ट खात्यात जाऊन तिथली रीसायकल बिन तपासा. घरगुती खात्यात पुसलेली फाइल तिथे तीस दिवस राहते. चार दिवस झालेत, म्हणजे अजून मुदत आहे. लॅपटॉपवरची रीसायकल बिनही बघा, पण गेमच्या आतून पुसलेलं तिथे येईल या भरवशावर राहू नका. दुसरी जागा म्हणजे मुलीने स्वतः कुठे प्रत ठेवली असेल ती. पाच पिढ्या खेळणारी मुलगी बहुतेक वेळा कुठे ना कुठे प्रत ठेवते, पेन ड्राइव्हवर किंवा गूगल ड्राइव्हवर. तिला फोन करून सरळ सांगा की एक सेव्ह पुसली गेलीय. लपवू नका. कुठल्या नावाची आणि साधारण कधीची हे तीच सांगू शकेल. कदाचित ती म्हणेल की ती नुसती घर बांधून बघायची सेव्ह होती आणि तुमच्या जिवाचा घोर मिटेल.

फाइल परत आणून देणारे प्रोग्राम इंटरनेटवर मिळतात, त्यांच्यावर पैसे घालवू नका. एसएसडी डिस्कवर पुसलेल्या फायलींची जागा विंडोज मागाहून खरोखरच रिकामी करून टाकतं. चार दिवसांनंतर हाती काही लागेल अशी आशा फार कमी.

आता तुमचा मूळ प्रश्न, जागेचा.

मी सिम्स २ च्या काळापासून खेळते आणि गेली बरीच वर्षं लोकांच्या बिघडलेल्या, हरवलेल्या सेव्ह बघत आले आहे. जागा हवी म्हणून जो कोणी येतो तो पहिल्यांदा सेव्हकडेच बोट दाखवतो, कारण गेममध्ये त्या डोळ्यासमोर असतात आणि खाली कचऱ्याच्या डब्याचं चिन्हही असतं. पण हिशेब करून बघा. एक मोठी, भरपूर खेळलेली सेव्ह समजा ३० एमबीची धरली. सहा प्रतींचे १८० झाले. तेवीसच्या तेवीस सेव्ह एवढ्या मोठ्या धरल्या तरी साधारण ४ जीबी. प्रत्यक्षात त्याहून बऱ्याच कमी असतील, कारण निम्म्या सेव्ह नुसत्या सुरू करून सोडून दिलेल्या असतात. आणि खुद्द गेम? मूळ गेमलाच पंचवीसेक जीबी जागा लागते आणि मुलीकडे गेमचे बरेच जादा पॅक असतील तर तो सहज पन्नासच्या पुढे जातो.

म्हणून माझा सल्ला तुम्ही विचारलंत त्याच्या उलट आहे. सेव्ह ठेवा, गेम काढा. मूळ गेम १८ ऑक्टोबर २०२२ पासून फुकट आहे आणि विकत घेतलेले पॅक मुलीच्या खात्याला जोडलेले असतात. ती पुढे कधीही, कुठल्याही संगणकावर ते परत उतरवून घेऊ शकते. तिचं घराणं मात्र गेमच्या कुठल्याही सर्व्हरवर नाही, ते याच लॅपटॉपच्या डॉक्युमेंट्समध्ये आहे. गेम अनइन्स्टॉल केला तरी डॉक्युमेंट्समधलं द सिम्स ४ हे फोल्डर सहसा जागेवरच राहतं, पण ‘सहसा’वर पाच पिढ्या सोपवायच्या नाहीत. आधी ते अख्खं फोल्डर बाहेरच्या ड्राइव्हवर कॉपी करा, शिवाय दुसरीकडे कुठे तरी आणखी एक प्रत ठेवा आणि मगच गेम काढा. पंचवीस-पन्नास जीबी एका फटक्यात मोकळे होतात आणि तेवीस सेव्हना धक्काही लागत नाही.

अख्खं फोल्डर म्हणते त्याला कारण आहे. अनेकजण नुसतं सेव्ह्ज उचलतात. शेजारीच मॉड्स नावाचं फोल्डर असतं, त्यात मुलीने बाहेरून आणलेले केस, कपडे, फर्निचर आणि गेमचं वागणं बदलणाऱ्या स्क्रिप्ट असतात. सेव्हमध्ये या वस्तू साठवलेल्या नसतात, फक्त त्यांची आठवण असते की या बाईने अमुक साडी नेसली आहे, या खोलीत तमुक झोपाळा आहे. मॉड्सशिवाय ती सेव्ह उघडली तर झोपाळा गायब आणि बाई दुसऱ्याच कपड्यांत. नुसतं उघडून बघितलं तर फारसं बिघडत नाही, मॉड्स परत ठेवले की सगळं दिसतं. पण तशाच अवस्थेत कोणी सेव्हचं बटण दाबलं की ती रिकामी खोलीच खरी ठरते. ट्रे हे फोल्डरही असंच सोबत घ्यायचं. तिथे मुलीने आपल्या लायब्ररीत ठेवलेली घरं आणि कुटुंबं असतात. ट्रेमधल्या फायली हाताने निवडून पुसू नका. एका घराच्या चार-पाच वेगवेगळ्या फायली असतात, एखादी गेली की घर लायब्ररीत अर्धवट लोंबकळत राहतं. लायब्ररीतलं काही काढायचं तर ते गेमच्या आतून.

खरोखर पुसण्यासारखं काय आहे, तर याच फोल्डरमधलं रेकॉर्डेड व्हिडिओज. गेममध्ये व्ही हे बटण दाबलं की व्हिडिओ घेणं सुरू होतं आणि सी दाबलं की फोटो. मुलांकडून व्ही चुकून दाबला जातो आणि पडद्याचं चित्रण होत राहतं. आधी मुलीला दाखवा, मग पुसा. लोकलथंबकॅशे नावाची एक पॅकेज फाइल आहे, ती डोळे मिटून पुसली तरी चालते, गेम ती पुढच्या वेळी स्वतः नवी बनवतो. लास्टएक्सेप्शन नावाच्या मजकुराच्या फायली म्हणजे गेमने लिहून ठेवलेल्या तक्रारी, त्याही गेल्या तरी हरकत नाही.

कदाचित तुम्ही म्हणाल, धाकट्यालाही हाच गेम खेळायचाय, तो काढता येणार नाही. मग एक धोका नीट समजून घ्या. गेम उघडल्यावर समोर जे मोठं बटण दिसतं ते शेवटची खेळलेली सेव्ह थेट सुरू करतं. शेवटची म्हणजे बहुतेक ताईची. मुलगा उत्साहात ते दाबेल, घरातल्या आजीला स्विमिंग पूलमध्ये सोडेल आणि सेव्ह करेल. एकदा सेव्ह केलं तर ताईची आवृत्ती .व्हर० मध्ये शाबूत आहे. पाचव्यांदा केलं तर ती .व्हर४ मध्ये आहे. सहाव्यांदा सेव्ह केलं की ती कुठेच नाही. दुपारभर खेळणारं मूल सहा वेळा सहज सेव्ह करतं. पुसण्यापेक्षा या वाटेने गेलेल्या सेव्ह मी जास्त पाहिल्या आहेत, आणि त्यात कोणाचीच चूक नसते, हे फार जिव्हारी लागतं. लगेच लक्षात आलं तर लोड गेमच्या यादीत ती सेव्ह निवडून खालचं घड्याळासारखं चिन्ह दाबा. जुन्या प्रती तारखेनिशी दिसतात. हवी ती उघडा आणि लगेच सेव्ह अ‍ॅज करून वेगळं नाव द्या.

म्हणून मुलगा खेळणार असेल तर ताईच्या सेव्ह त्या फोल्डरमध्ये असूच नयेत. गेम पूर्ण बंद करा. द सिम्स ४ या फोल्डरचंच नाव बदलून त्याच्या मागे ताईचं नाव लावा. गेम सुरू केला की तो स्वतःहून नवंकोरं फोल्डर तयार करतो आणि मुलाची सुरुवात पाटी कोरी करून होते. ताई आली की नावांची अदलाबदल करायची. पाच मिनिटांचं काम आहे आणि दोघांचं जग वेगळं राहतं.

एवढं सगळं करूनही तेवीसमधल्या काही सेव्ह काढायच्याच असतील, तर कुठला क्रमांक कुठल्या सेव्हचा हा प्रश्न येतो, कारण फाइलच्या नावात सेव्हचं नाव नसतं. लोड गेमच्या यादीत मात्र नाव आणि कुटुंबाचं चित्र दिसतं. मी करते ती पद्धत सांगते. आधी सगळ्याची बाहेर प्रत घ्यायची. मग सेव्ह्ज फोल्डरमधून एका क्रमांकाच्या सहाही फायली कट करून डेस्कटॉपवरच्या एका नव्या फोल्डरमध्ये टाकायच्या, गेम उघडायचा आणि यादीतून कुठलं नाव नाहीसं झालं ते पाहायचं. त्या नव्या फोल्डरला तेच नाव द्यायचं, गेम बंद करून पुढचा क्रमांक घ्यायचा. तेवीसदा गेम उघडणं कंटाळवाणं आहे, पण एका रविवारी होतं आणि शेवटी हातात तेवीस नीट नाव दिलेली फोल्डर येतात. मुलगी फोनवर असेल तर यादीचा फोटो पाठवा. कुठली ठेवायची ते तिने सांगावं, तुम्ही ठरवू नका. ‘नवीन’, ‘नवीन २’, ‘शेवटची’ अशी नावं असतात तेव्हा बाहेरच्या माणसाला ओळखता येत नाही की खरी कुठली. मी पाहिलंय, सगळ्यात जास्त खेळलेली सेव्ह अनेकदा ‘टेस्ट’ नावाची निघते. प्रयोग म्हणून सुरू केलेली असते आणि जीव जडतो.

आकारावरून ओळखायचा मोहही टाळा. मोठी फाइल म्हणजे लाडकी फाइल असं नसतं. वस्तूंनी खच्चून भरलेली घरं, खिशात साठवलेला पसारा, गावभर वसवलेली कुटुंबं यांनी फाइल फुगते. जिव्हाळ्याची सेव्ह लहानशीही असू शकते.

काही जणांना वाटतं, घराणं लायब्ररीत ठेवलं की सेव्ह पुसायला मोकळे. तुम्हीही ‘ते घराणं ठेवून बाकी पुसायचं’ असं लिहिलंय म्हणून हे मुद्दाम सांगते. लायब्ररीत एका घरात आज राहणारी माणसं जातात. त्यांची तोंडं, स्वभाव, आपापसातली नाती येतात. पण वेगळ्या घरात राहायला गेलेली थोरली मुलगी, शेजारचा जुना मित्र, गेलेले पणजोबा, हे त्यात येत नाहीत. नव्या सेव्हमध्ये ते कुटुंब उतरवलं की वंशवृक्ष त्या घराच्या उंबऱ्यापाशी तुटतो. पाच पिढ्या खेळणाऱ्याला वंशवृक्षच हवा असतो. तेव्हा ती सेव्ह सेव्ह म्हणूनच राहिली पाहिजे.

हे मी एवढ्या पोटतिडकीने सांगते कारण मी स्वतः एकदा हे करून बसले होते. सिम्स २ सप्टेंबर २००४ मध्ये आला तेव्हा आमच्या घरच्या संगणकाची डिस्क ४० जीबीची होती आणि ती कायम भरलेली. सिम्स २ मध्ये प्रत्येक वस्तीचं एक फोल्डर असायचं, प्लेझंटव्ह्यूचं एन००१, स्ट्रेंजटाउनचं एन००२, आणि आत कॅरेक्टर्स नावाच्या फोल्डरमध्ये प्रत्येक माणसाची वेगळी फाइल. मी विचार केला की मेलेल्या आणि न खेळलेल्या माणसांच्या फायली कशाला हव्यात. एका संध्याकाळी पुष्कळशा पुसल्या. गेम उघडला, सगळं छान दिसत होतं. मग एकेका घरात शिरले तशी पडझड दिसायला लागली. एका विधवेच्या आठवणींच्या यादीत नवऱ्याच्या जागी नुसती रिकामी चौकट होती. दोन घरं उघडेचनात. त्या माणसांची नावं इतरांच्या आठवणींत, नात्यांत गुंफलेली होती आणि मी दुसऱ्या टोकाचा धागाच कापला होता. बॅकअप नव्हता. ती वस्ती मला सोडून द्यावी लागली. सिम्स २ पुरतं सांगायचं तर आजही, जानेवारी २०२५ मध्ये परत निघालेल्या आवृत्तीत कोणी खेळत असेल त्यालाही, माझं हेच सांगणं आहे की त्यात माणूस पुसायचा नाही, थडगं पुसायचं नाही आणि कॅरेक्टर्स फोल्डर उघडायचंसुद्धा नाही. सिम्स ४ ची रचना वेगळी आहे, एका सेव्हमध्ये सगळं गाव असतं, त्यामुळे एक अख्खी सेव्ह काढल्याने दुसरी बिघडत नाही. एवढा दिलासा तुम्हाला नक्की आहे. पण सेव्हच्या आत शिरून मॅनेज हाउसहोल्ड्समधून कुटुंबं पुसत सुटलात तर ती माणसं कोणाची तरी मामा, आत्या, वर्गमित्र असतात. जागेसाठी ते करू नका, त्याने वाचणारी जागा नगण्य आहे.

वनड्राइव्हबद्दल आणखी एक. डॉक्युमेंट्स तिथे जोडलेलं असेल तर लॅपटॉपवर पुसलेली फाइल ढगातूनही, म्हणजे ऑनलाइन साठवणीतूनही जाते, आणि त्याच खात्यावर चालणाऱ्या मुलीच्या दुसऱ्या संगणकावरूनही. तिकडे प्रत आहे म्हणून इकडे पुसलं, असं करू नका, त्या दोन प्रती नसून एकच आहे. गेम चालू असताना वनड्राइव्ह फाइल धरून ठेवतं आणि सेव्ह होत नाही असाही त्रास मी अनेकांच्या लॅपटॉपवर पाहिला आहे. खेळताना सिंक थांबवून ठेवा.

डिस्क गच्च भरलेली असताना गेममध्ये सेव्ह करायला जाऊच नका. नवी फाइल लिहायला जागा नसेल तर सेव्ह अडते. निदान चार-पाच जीबी मोकळे झाल्याशिवाय मुलीची ती सेव्ह उघडूसुद्धा नका.

मुलगी प्लेस्टेशन किंवा एक्सबॉक्सवरही खेळत असेल तर तिथे फायली अशा हाताळता येत नाहीत. एकेक सेव्ह गेमच्या आतून काढायची, बाकी साठवण कन्सोलच्या सेटिंग्जमधून. एक्सबॉक्स पुसताना विचारतो की फक्त या यंत्रावरून काढू की सगळीकडून. सगळीकडून हा पर्याय निवडलात तर ढगातली प्रतही जाते.

कामाचा क्रम असा धरा. आज संध्याकाळी मुलीला फोन आणि सेव्ह्ज फोल्डरमध्ये पुसलेल्या सेव्हच्या .व्हर फायलींचा शोध. मग द सिम्स ४ फोल्डरची प्रत दोन ठिकाणी. प्रत झाल्यावर दोन्हीकडे फोल्डरवर उजवं क्लिक करून प्रॉपर्टीजमध्ये फायलींची संख्या आणि आकार जुळतो का पाहा, कारण स्वस्तातले पेन ड्राइव्ह अर्ध्यात दगा देतात. आकडे जुळले की गेम काढा. आणि ज्या ड्राइव्हवर प्रत आहे त्यावर मुलीचं नाव आणि आजची तारीख लिहून चिकटवा, म्हणजे पुढच्या दिवाळीच्या साफसफाईत तो रिकामा समजून कोणी फॉरमॅट करणार नाही.